मोहरीएवढे दाणे, मणभर नासाडी: भारतातील साखरबीट आणि मूळकुजीचा इतिहास

केंद्र सरकारच्या २०१८ च्या राष्ट्रीय जैवइंधन धोरणात इथेनॉलसाठी वापरता येणाऱ्या कच्च्या मालाची यादी दिली आहे. त्या यादीत उसाच्या रसाबरोबर आणि गोड ज्वारीबरोबर साखरबीटाचेही नाव आहे. पेट्रोलमधील इथेनॉलचे प्रमाण वाढवण्याचा निश्चय झाल्यापासून बीटाची चर्चा अधूनमधून वर येते. कमी पाण्यात, पाच-सहा महिन्यांत, खारवट जमिनीतही येणारे पीक, असे त्याचे वर्णन केले जाते. हे वर्णन खोटे नाही. मात्र भारताने साखरबीटाचा प्रयोग याआधीही केला आहे, तोही चांगला वीस-पंचवीस वर्षे, आणि त्या प्रयोगाच्या इतिहासात एक पात्र असे आहे की त्याची ओळख करून घेतल्याशिवाय नव्या प्रयोगाचा विचार करणे धाडसाचे ठरेल. ते पात्र म्हणजे मातीत राहणारी एक बुरशी, स्क्लेरोशियम रोल्फ्साय.

आपण कोशिंबिरीत घालतो ते लाल बीट आणि पांढऱ्या गराचे साखरबीट ही एकाच वनस्पतीची दोन रूपे. दोन्ही युरोपच्या समुद्रकाठच्या रानबीटाची वंशज. बीटात उसासारखीच साखर आहे, हे बर्लिनच्या मारग्राफ या रसायनशास्त्रज्ञाने १७४७ मध्ये दाखवून दिले. त्याचा शिष्य आखार्ड याने सायलीशियातील कुनर्न येथे १८०१-०२ च्या सुमारास बीटसाखरेचा पहिला कारखाना चालवला. पुढे इंग्रजांच्या नाकेबंदीमुळे फ्रान्सला वेस्ट इंडीजची साखर मिळेनाशी झाली, तेव्हा नेपोलियनने मार्च १८११ मध्ये ३२ हजार हेक्टरांवर बीट लावण्याचा हुकूम काढला. ही कथा पाठ्यपुस्तकांत येते, म्हणून ती इथे लांबवत नाही. एवढेच ध्यानात ठेवायचे की साखरबीट हे थंड हवेत घडवलेले पीक आहे. जमिनीच्या वर पानांचा झुबका आणि खाली साखरेने भरलेले मांसल मूळ, अशी त्याची रचना. शेतकऱ्याला हवे असलेले धन मातीत असते, आणि मातीत त्याची वाट पाहणारेही असतात.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेच्या फ्लोरिडा राज्यात पीटर हेन्री रोल्फ्स हा वनस्पतिशास्त्रज्ञ टोमॅटोच्या मरीचा अभ्यास करीत होता. झाडे जमिनीलगत कुजत, त्या जागी पांढरी कापसासारखी बुरशी दिसे आणि काही दिवसांनी तिच्यावर मोहरीच्या दाण्यांसारख्या तपकिरी गोळ्या तयार होत. १८९२ च्या सुमाराचे हे निरीक्षण. हा रोल्फ्स पुढे ब्राझीलला गेला आणि व्हिसोझा येथील कृषिविद्यालयाच्या उभारणीत त्याने मोठा वाटा उचलला. बुरशीला शास्त्रीय नाव मात्र १९११ मध्ये मिळाले, तेही इटलीत. पादुआचा पिएर आंद्रेआ साक्कार्दो हा त्या काळी जगभरच्या बुरशांचा नामकरणकर्ता होता. त्याने या बुरशीला रोल्फ्सचे नाव दिले. योगायोग असा की बीटाच्या पानांवर ठिपके पाडणाऱ्या सर्कोस्पोरा बेटिकोला या बुरशीचे नामकरणही त्याच साक्कार्दोने १८७६ मध्ये केले होते. बीटाच्या दोन प्रमुख शत्रूंची जन्मपत्रिका एकाच माणसाने मांडली.

भारतात ही बुरशी बीटाबरोबर आली असे कुणी समजू नये. ती आधीपासून येथे होती. बिहारमधील पुसा येथे १९०५ मध्ये कृषिसंशोधन संस्था स्थापन झाली आणि एडविन बटलरच्या नेतृत्वाखाली भारतीय कवकशास्त्राची पद्धतशीर पायाभरणी सुरू झाली. या परंपरेत शॉ आणि आजरेकर यांनी १९१५ मध्ये भारतातील ऱ्हायझोक्टोनिया या प्रजातीवर एक निबंध प्रसिद्ध केला. कुजलेल्या बटाट्यांतून त्यांनी एक बुरशी वेगळी केली आणि तिला ऱ्हायझोक्टोनियाच्या एका जातीचे नाव दिले. पुढच्या अभ्यासात असे ठरले की ती बुरशी वस्तुतः स्क्लेरोशियम रोल्फ्साय होती. साक्कार्दोने नाव देऊन तेव्हा जेमतेम चार वर्षे झाली होती, आणि बीजुके न धरणाऱ्या, नुसत्या तंतूंनी व दाण्यांनी वाढणाऱ्या बुरशांना ओळखणे फार अवघड असते. तेव्हा या दोघांकडे दोष जात नाही. उलट, त्या काळात एका मराठी शास्त्रज्ञाने सूक्ष्मदर्शकाखाली या प्राण्याला (प्राणी हा शब्द येथे सैल अर्थाने) पकडले होते, ही गोष्ट नोंदवण्याजोगी आहे. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेतील बुरशांचा मोठा नमुनासंग्रह आज आजरेकरांच्याच नावाने ओळखला जातो.

बीजुकांची ही अडचण थोडी समजून घेतली पाहिजे. बहुतेक बुरशा हवेतून उडणाऱ्या बीजुकांनी पसरतात. गव्हाचा तांबेरा तर शेकडो मैल प्रवास करतो. स्क्लेरोशियमला ही घाई नाही. तिची लैंगिक अवस्था इटलीच्या कुर्झी याने १९३० च्या दशकाच्या आरंभी वर्णिली खरी, पण शेतात ती क्वचितच दिसते. रोगाचा सारा कारभार चालतो तो त्या मोहरीएवढ्या दाण्यांवर. हे दाणे म्हणजे बुरशीच्या तंतूंची घट्ट वळलेली गाठ: अर्धा ते दोन मिलिमीटर व्यासाची, बाहेरून तपकिरी कवच आणि आत अन्नाचा साठा. पीक निघून गेल्यावर हे दाणे मातीत पडून राहतात आणि काही वर्षे जिवंत राहू शकतात. नांगराच्या फाळाबरोबर, पाण्याच्या पाटाबरोबर, रोपांच्या मुळांना चिकटलेल्या मातीबरोबर ते एका शेतातून दुसऱ्या शेतात जातात. अनुकूल ओल आणि उष्णता मिळाली, शेजारी कुजणारा पालापाचोळा असला, की दाण्यातून पांढरे तंतू बाहेर फुटतात.

मुळाला हे तंतू नुसते चिकटत नाहीत. आत शिरण्यापूर्वीच ते ऑक्झॅलिक आम्ल सोडतात. हे आम्ल बुरशीच तयार करते, हे १९२७ मध्ये हिगिन्सने दाखवले होते. पण त्याचे नेमके काम काय, याचा सुंदर उलगडा बेटमन आणि बीअर यांनी १९६५ मध्ये केला. वनस्पतीच्या पेशी एकमेकींना पेक्टिनने जोडलेल्या असतात आणि त्या पेक्टिनला कॅल्शियमने बळकटी आलेली असते. विटांच्या भिंतीत चुना असावा तसे. ऑक्झॅलिक आम्ल ते कॅल्शियम ओढून घेते आणि त्याच वेळी भोवतालची आम्लता अशी वाढवते की बुरशीचेच पेक्टिन तोडणारे विकर सर्वांत जोमाने काम करू शकेल. आम्ल चुना काढते, विकर विटा सुट्या करते. एकट्याने दोघांपैकी कुणालाही एवढे जमले नसते. बीटासारखे मांसल मूळ या जोडगोळीपुढे पाण्याने भिजलेल्या भिंतीसारखे ढासळते. वरची पाने एकाएकी पिवळी पडून कोमेजतात, आणि शेतकरी मूळ उपटायला जातो तेव्हा झुबका हातात येतो व मूळ मातीतच लगद्यासारखे राहते.

या बुरशीची भूक मोठी आहे. तिला आश्रय देणाऱ्या वनस्पतींच्या जाती पाचशेंवर मोजल्या गेल्या आहेत. महाराष्ट्रातील भुईमूग उत्पादक तिला खोडकुजीच्या रूपाने ओळखतात, हरभरा लावणारे रोप जमिनीलगत कुजते तेव्हा. मिरची, टोमॅटो, हळद, कांदा, कुठलेच घर तिला वर्ज्य नाही. त्यामुळे बीट नवीन आणले तरी रोग जुनाच असतो. तो शेतात आधीपासून मुक्कामाला असतो.

बीटावरील तिचा पहिला सखोल अभ्यास झाला कॅलिफोर्नियात. तेथील उष्ण खोऱ्यांत बीट लावले गेले आणि काही शेतांत मुळे सडू लागली. लीच आणि डेव्ही या दोघांनी १९३८ मध्ये एक साधा पण दूरदृष्टीचा मार्ग सुचवला: पेरणीपूर्वी शेतातील मातीचे नमुने घ्यावेत, ते चाळणीतून पाण्याने धुवावेत आणि बुरशीचे जिवंत दाणे चक्क मोजावेत. दाण्यांच्या संख्येवरून पुढच्या हंगामात किती बीट सडेल याचा अंदाज बांधता येतो, हे त्यांनी दाखवले. शेतकऱ्याने मग ठरवावे, या शेतात बीट लावायचे की धान्य. रोग आल्यावर औषध शोधण्याच्या त्या काळात, रोग येण्यापूर्वी मातीचा हिशेब मांडण्याची ही कल्पना मला आजही पुढची वाटते. १९४२ मध्ये त्याच दोघांनी नत्रयुक्त खतांनी ही मूळकूज कमी करता येते, असे दाखवणारे प्रयोगही प्रसिद्ध केले.

आता भारताकडे वळू. स्वातंत्र्यानंतर साखरेची मागणी वाढत होती आणि उत्तर भारतातील कारखान्यांपुढे एक जुनी अडचण होती. ऊस संपला की कारखाना बंद. उन्हाळ्याच्या तोंडावर गाळप थांबे आणि यंत्रे पुढच्या हंगामापर्यंत पडून राहत. साखरबीट ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये पेरले तर एप्रिल-मेमध्ये काढणीला येते. ऊस संपताच बीट सुरू करावे, म्हणजे कारखान्याचा हंगाम दोन महिन्यांनी लांबेल, असा तो विचार होता. कागदावर तो निर्दोष होता. १९६० आणि १९७० च्या दशकांत लखनौची भारतीय ऊस संशोधन संस्था आणि पंतनगरचे कृषिविद्यापीठ येथे बीटावर पद्धतशीर काम उभे राहिले. रामोन्स्काया आणि मॅरिबो यांसारखे परदेशी वाण तपासले गेले. बीटाला फुलावर येण्यासाठी दीर्घ थंडी लागते, मैदानात ती मिळत नाही; म्हणून बियाण्यासाठी कुमाऊँच्या डोंगरातील मुक्तेश्वरसारखी ठिकाणे निवडली गेली. पश्चिम बंगालमध्ये सुंदरबनच्या खारवट जमिनीतही चाचण्या झाल्या. समुद्रकाठच्या पूर्वजाचा मीठ सोसण्याचा गुण बीटात उतरलेला आहेच. राजस्थानात गंगानगर येथे, १९२७ मध्ये सुरू झालेल्या गंग कालव्याच्या मुलखात, बीट गाळण्याची सोय कारखान्यात करण्यात आली आणि तेथे काही वर्षे बीटाची साखर व्यापारी प्रमाणावर निघाली.

या योजनेच्या मुळाशीच एक विसंगती होती. कारखान्याला बीट हवे होते एप्रिल-मेमध्ये. स्क्लेरोशियमची वाढ सर्वांत जोमाची असते ती २५ ते ३५ अंश सेल्सियसच्या दरम्यान. थंडीभर मातीत निपचित पडलेले दाणे फेब्रुवारी-मार्चनंतर जागे होतात. तोपर्यंत बीटाच्या पानांनी जमीन झाकलेली असते, वाढत्या उन्हामुळे पाण्याच्या पाळ्या वाढलेल्या असतात आणि पानांच्या सावलीत ऊबदार ओल धरलेली असते. बीट शेतात जितके अधिक उभे राहावे तितका कारखान्याचा लाभ, आणि तितकाच बुरशीचाही. युरोपात बीटाची काढणी शरद ऋतूत, हवा थंड होत असताना होते. आपल्याकडे ती हवा तापत असताना करायची होती. पीक तेच, पण ऋतुचक्राची दिशा उलटी. युरोपातील बीटतज्ज्ञांची ग्रंथसंपदा या प्रश्नावर फारशी उपयोगी पडली नाही, कारण त्यांना हा प्रश्न जवळजवळ पडलेलाच नव्हता.

युरोपचा मुख्य झगडा होता पानांवरील ठिपक्यांशी, आणि त्याची कथा तुलनेसाठी पाहण्यासारखी आहे. इटलीच्या पो नदीच्या खोऱ्यात सर्कोस्पोराने बीटाची पाने जळत. रोव्हिगो येथील ओत्ताव्हिओ मुनेराती याने विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकाच्या अखेरीस नदीच्या मुखाजवळच्या समुद्रकाठचे रानबीट गोळा केले आणि साखरबीटाशी त्याचा संकर सुरू केला. रानबीटात साखर कमी, मूळ फाटे फुटलेले, सारे गुण शेतकऱ्याच्या गैरसोयीचे. पण पानांवर ठिपके कमी पडत. अनेक पिढ्यांच्या निवडीनंतर त्या वंशातून रोगाला तोंड देणारे वाण निघाले, आणि पुढे अमेरिकेतील पैदाशीतही ते वापरले गेले. रासायनिक उपायांचे नशीब मात्र इतके टिकाऊ नव्हते. १९७० च्या दशकाच्या प्रारंभी उत्तर ग्रीसमध्ये बेनोमिल हे नवे बुरशीनाशक सर्कोस्पोरावर काही हंगामांतच निष्प्रभ ठरले, कारण त्याला दाद न देणारे बुरशीचे वंश शेतात वाढले. वनस्पतिरोगशास्त्राच्या इतिहासातील अशा प्रतिकाराचे ते एक आरंभीचे ठळक उदाहरण मानले जाते.

स्क्लेरोशियमच्या बाबतीत मुनेरातीची वाट उपलब्ध नव्हती. पाचशेंवर वनस्पती खाणाऱ्या, आम्ल ओतून भिंत पाडणाऱ्या बुरशीला पूर्ण दाद न देणारे बीट मिळणे कठीण, आणि तसे बीट हाती आले नाही. रसायनांतही बेनोमिलचा तिच्यावर प्रभाव पडत नाही. काही अन्य बुरशीनाशके प्रयोगशाळेत चांगली ठरत. पण संपूर्ण शेताची माती औषधाने भिजवण्याचा खर्च बीटाच्या भावात बसत नव्हता.

येथे पंतनगरच्या कामाचे मोल कळते. अमरनाथ मुखोपाध्याय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बीटाच्या रोगांचा, विशेषतः या मूळकुजीचा, दीर्घकाळ अभ्यास केला. मुखोपाध्यायांनी लिहिलेला साखरबीटाच्या रोगांवरील दोन खंडांचा इंग्रजी ग्रंथ १९८७ मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध झाला. ज्या देशात बीटाचे क्षेत्र जागतिक हिशेबात नगण्य होते, त्या देशातील शास्त्रज्ञाने या पिकाच्या रोगांचा संदर्भग्रंथ लिहावा, हे थोडे नवलाचेच. त्यांच्या गटाने पाहिलेला उपाय म्हणजे बुरशीवर बुरशी सोडण्याचा. ट्रायकोडर्मा ही हिरवी बुरशी इतर बुरशांच्या तंतूंना वेढून त्यांना खाते, हे वाइंडलिंगने १९३२ मध्ये दाखवले होते. १९७२ मध्ये अमेरिकेच्या जॉर्जिया राज्यात वेल्स आणि त्याच्या सहकाऱ्यांनी ट्रायकोडर्मा हार्झियानम शेतात वापरून स्क्लेरोशियम आटोक्यात आणता येते असे सिद्ध केले. उपाध्याय आणि मुखोपाध्याय यांनी १९८६ मध्ये हाच उपाय साखरबीटावर केलेले प्रयोग प्रसिद्ध केले. ट्रायकोडर्मा मोहरीएवढ्या दाण्यांच्या आतही शिरते आणि तो अन्नसाठा फस्त करते, हे तिचे विशेष.

आज ट्रायकोडर्माची पाकिटे गावोगावच्या कृषिसेवा केंद्रांत मिळतात, हळदीच्या बेण्याला आणि हरभऱ्याच्या बियाण्याला चोळली जातात. या वापरामागे ज्या भारतीय संशोधनाचे बळ आहे, त्याचा एक भाग साखरबीटाच्या शेतात घडला. बीट मागे पडले, उपाय मात्र राहिला.

बीट मागे का पडले, याचे सारे खापर बुरशीवर फोडणे अन्यायाचे होईल. ऊस चरकात पिळला जातो. बीटाच्या बारीक चकत्या करून गरम पाण्यात साखर उतरवावी लागते, म्हणजे निराळी यंत्रे आली. उसाचा चोथा कारखान्याचे इंधन होतो. बीटाचा चोथा ओला, गुरांना उत्तम, पण भट्टीत निरुपयोगी. बियाणे बव्हंशी परदेशाहून. या सगळ्यांत मूळकुजीने भर घातली, आणि ती भर नेमकी त्या महिन्यांत पडली ज्यांच्यासाठी हा खटाटोप मांडला होता. २००० च्या दशकात उष्ण हवामान सोसणारे संकरित बीट महाराष्ट्रात आणि तमिळनाडूत लावून पाहिले गेले. उष्णता बीटाने सोसली, पण उष्णता बुरशीलाही प्रियच. तमिळनाडूतील बीटातही स्क्लेरोशियमची मूळकूज आढळली. वाण उष्णता सहन करतो म्हणजे उष्ण मातीतील रोगही सहन करतो, असा अर्थ होत नाही. जाहिरातीच्या भाषेत या दोन गोष्टी फार सहज एकरूप होतात.

इथेनॉलसाठी बीट लावताना हा इतिहास हाताशी आहे आणि त्यात वापरण्याजोगे बरेच आहे. दाणे जमिनीच्या वरच्या थरातच प्रभावी असतात, म्हणून खोल नांगरटीने ते गाडले की त्यांचा उपद्रव घटतो. १९७२ मध्ये ऑस्ट्रेलियाच्या स्मिथने दाखवले की हे दाणे आधी वाळले आणि मग भिजले, तर त्यांतून पोषक द्रव्ये पाझरतात आणि मातीतील इतर सूक्ष्मजीव त्यांना कुजवतात. आपल्याकडील उन्हाळी नांगरटीचा एक शास्त्रीय अर्थ येथे लागतो. गहू, मका, ज्वारी यांसारख्या धान्यांच्या फेरपालटाने दाण्यांची संख्या वाढत नाही. भुईमुगाच्या किंवा हरभऱ्याच्या रोगट शेतात मागोमाग बीट लावणे मात्र बुरशीला पंगतीचे आमंत्रण दिल्यासारखे.

लीच आणि डेव्ही यांची चाळणी आजही कुठल्याही कृषिविज्ञान केंद्राला परवडेल इतकी स्वस्त आहे. एखाद्या तालुक्यात बीटाचा करार करण्यापूर्वी तेथील शेतांच्या मातीतले दाणे मोजले जातात का, हा प्रश्न करार करणाऱ्या कंपनीला शेतकऱ्याने विचारावा. कारण करारात साखरेचा उतारा, वजन, दर यांची कलमे असतात. मातीत आधीपासून कोण राहते याचे कलम नसते, आणि मूळ सडले तर वजनकाट्यावर तो लगदा कुणी घेत नाही.